कुठली गीता खरी, असं विचारणाऱ्या ताईंना

पत्र (थोडं छोटं करून): "नमस्कार. बाबा गेल्यावर त्यांची ज्ञानेश्वरी माझ्याकडे आली आणि मी रोज थोडी थोडी वाचायला लागले, पण खरं सांगायचं तर निम्मं कळतच नाही. म्हणून गीता अर्थासकट वाचावी म्हटलं आणि दोन पुस्तकं आणली, तर अठराव्या अध्यायातल्या 'सर्वधर्मान्परित्यज्य' ह्या श्लोकाचा अर्थ एकात एक आणि दुसऱ्यात भलताच. सासूबाई म्हणतात आपल्या महाराजांनी लिहिलंय तेच खरं, बाकीचं वाचू नकोस. मुलगा इंग्रजीत वाचतो आणि अडलं की मोबाईलवर एआयला विचारतो. व्हॉट्सॲपवर गीतेचं म्हणून रोज काहीतरी येतंच. मला संस्कृत येत नाही. भरवसा कुणावर ठेवू? आणि चुकीचा अर्थ वाचला तर पाप लागतं का, हेही मनात येतं."

ताई, नमस्कार.

शेवटचा प्रश्न आधी घेते, कारण तो मनात घर करून बसला असेल तर बाकीचं काही नीट वाचता येणार नाही. चुकीचा अर्थ वाचला म्हणून पाप लागत नाही. आणि हे मी माझ्या मनाचं सांगत नाहीये, तुम्ही जो श्लोक लिहिलात तो अठराव्यातला ६६ वा, तिथून चारच श्लोक पुढे जा. भगवान म्हणतात, आपला हा संवाद जो अभ्यासेल त्याने ज्ञानयज्ञाने माझी पूजा केली असं मी समजेन. आणि लगेच पुढच्या ७१ व्या श्लोकात म्हणतात की जो नुसता ऐकेल, श्रद्धेने आणि दोष न काढता, तोसुद्धा मुक्त होईल. बघा ना, नुसतं ऐकणाऱ्यालाही घेतलंय त्यात. तुम्ही तर बाबांच्या मागे त्यांचं पुस्तक उघडून रोज बसताय, आणि कळत नाही तर कळावं म्हणून अजून दोन पुस्तकं आणलीत. ती भीती सोडूनच द्या.

आता त्या दोन पुस्तकांचं. तुम्ही नेमका असा श्लोक पकडलात की जिथे मोठमोठे भाष्यकार वेगवेगळ्या वाटेने गेलेत. गीतेवरचं आज मिळणारं सगळ्यात जुनं भाष्य शंकराचार्यांचं, ते म्हणतात की इथे धर्म म्हटल्यावर त्यात अधर्मही धरायचा, म्हणजे सगळ्या कर्मांचाच संन्यास सांगितलाय. रामानुजाचार्य म्हणतात की कर्म टाकायचं नाही, त्याचं फळ आणि 'मी करतोय' ही भावना टाकायची. ज्ञानेश्वर महाराज म्हणतात की अज्ञानातून हे जे धर्म-अधर्म, स्वर्ग-नरक उभे राहतात ते ज्ञानाने सोडून दे आणि माझ्याशी एक हो. लोकमान्य टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात गीतारहस्य लिहिलं, ते १९१५ ला छापून आलं, आणि त्यांनी तर अख्खी गीताच कर्मयोगाच्या अंगाने वाचली, त्यामुळे त्यांच्याकडे हा श्लोक 'काम सोडून बस' असं सांगूच शकत नाही. आता ह्यातल्या एकाच्या मागे जाऊन कुणी मराठीत दोन ओळींचा अर्थ लिहिला, आणि दुसऱ्याच्या मागे जाऊन दुसऱ्या कुणी, तर ते दोन अर्थ वेगळेच निघणार. त्यासाठी दोघांपैकी एक जण खोटारडा असायची गरज नाही. अडचण वेगळीच आहे, ती ही की दोघांनीही बहुतेक आपण कुणाच्या मागे चाललोय ते तुम्हाला सांगितलेलं नाही, आणि तुम्हाला वाटलं की श्लोकातच तसं आहे.

म्हणून भरवशाचं पुस्तक म्हणजे काय, तर ज्यात मूळ कुठे संपलं आणि लिहिणाऱ्याचं स्वतःचं कुठे सुरू झालं हे तुमच्यासारख्या संस्कृत न येणाऱ्या माणसालाही बोट ठेवून दाखवता येतं. माझी मुख्य कसोटी हीच आहे. अनुवादक किती मोठा विद्वान, पुस्तक किती जाड, कव्हरवर कोणाचा फोटो, ह्या सगळ्या गोष्टी ह्याच्या नंतर येतात.

ह्याचं मला सगळ्यात आवडतं उदाहरण विनोबांचं आहे. त्यांनी गीताई लिहिली ती समश्लोकी, श्लोकाला श्लोक, स्वतःचं काही मध्ये घातलं नाही. आणि गीतेबद्दल त्यांना स्वतःला जे सांगायचं होतं ते त्यांनी १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात प्रवचनांतून सांगितलं, साने गुरुजींनी ते लिहून घेतलं, आणि ते पुस्तक वेगळं आहे. म्हणजे माणूस एकच, दोन्ही कामं त्याचीच, पण वाचणाऱ्याला कधीही शंका येत नाही की आत्ता आपण गीता वाचतोय की विनोबा. कोणाला विनोबांचे विचार पटतील, कोणाला नाही पटणार, तो पुढचा भाग, पण फसवणूक कुठेच नाही.

तर आता तुमची दोन्ही पुस्तकं समोर घ्या आणि श्लोकाकडे जाण्याआधी पहिली पाच-सहा पानं वाचा, जी आपण सगळेच सोडून देतो. अर्थ कुणी लिहिलाय, नाव आहे का? नुसतं 'संपादक मंडळ' किंवा नुसतं प्रकाशनाचं नाव असेल तर मी जरा सावध होते. अनुवाद मूळ संस्कृतवरून केलाय की हिंदी किंवा इंग्रजी पुस्तकावरून? मराठीत मिळणारी कितीतरी उपनिषदं आणि पुराणं ही हिंदीवरून आलेली असतात, त्यात वाईट काही नाही पण ते छापलेलं असावं, कारण मग तुम्ही एका माणसाच्या समजुतीची दुसऱ्याने करून घेतलेली समजूत वाचताय. प्रस्तावनेत कुठल्या आचार्यांचं भाष्य धरून अर्थ लावलाय ते सांगितलंय का? आणि 'संक्षिप्त', 'सुलभ', 'कथारूप', 'भावार्थ' असे शब्द कव्हरवर असतील तर ते नीट वाचा, तिथे लिहिणाऱ्याने प्रामाणिकपणे सांगितलेलंच असतं की हा पूर्ण अनुवाद नाही, आपणच नंतर तो अनुवाद म्हणून धरून बसतो.

मग आतलं पान. मूळ श्लोक छापलेला हवाच, त्याचा नंबर हवा, जमल्यास पदच्छेद (जोडलेले शब्द सुटे करून) किंवा अन्वय (शब्द सरळ वाक्यासारखे लावून), मग अर्थ, आणि स्पष्टीकरण वेगळ्या टायपात किंवा वेगळ्या मथळ्याखाली. इस्कॉनची गीता बघा, त्यात मूळ, शब्दाला शब्द अर्थ, भाषांतर आणि तात्पर्य अशी चार पायऱ्यांची मांडणी आहे, ती गौडीय वैष्णव, म्हणजे बंगालातल्या चैतन्य महाप्रभूंच्या कृष्णभक्ती परंपरेच्या, दृष्टीने लिहिलेली आहे आणि ते लपवलेलं अजिबात नाही, तात्पर्यात त्यांचा संप्रदाय बोलतो हे कुणालाही दिसतं. तुम्ही त्या संप्रदायाच्या नसाल तरी ते पुस्तक वापरता येतं, कारण तात्पर्य बाजूला ठेवून मूळ श्लोक आणि शब्दार्थ बघायची सोय आहे. ज्या पुस्तकात मूळच नाही, नुसता गोड मराठीत सलग अर्थ आहे, ते कितीही सुंदर असलं तरी एकटं त्याच्यावर विसंबू नका.

आणि नंबरांचं एक सांगून ठेवते कारण ह्यात लोक फार गोंधळतात. गीतेचे श्लोक ७०० धरतात, पण काही प्रतींत तेराव्या अध्यायाच्या सुरुवातीला अर्जुनाचा एक जास्तीचा प्रश्न आहे, 'प्रकृतिं पुरुषं चैव' असा, तो धरला की ७०१ होतात आणि त्या अध्यायात सगळे नंबर एकाने सरकतात. दोन पुस्तकं ताडून बघताना तेराव्यात आकडे जुळले नाहीत तर घाबरू नका, दोघांपैकी कुणाचंही चुकलेलं नसतं.

आता तुम्ही स्वतः करू शकाल अशी परीक्षा. मी नवीन कुठलीही गीता हातात आली की दोन श्लोक उघडून बघते. पहिला सगळ्यांना पाठ असलेला, कर्मण्येवाधिकारस्ते, २.४७. ह्याला चार चरण आहेत आणि आपण सगळे दोनच म्हणतो. कर्मावर तुझा अधिकार, फळावर नाही, इथे थांबतो. पुढे अजून दोन गोष्टी आहेत, फळाच्या हेतूने कर्म करणारा होऊ नकोस, आणि काही न करण्याचीही ओढ तुला नको. गीताईत बघा, 'कर्मातचि तुझा भाग तो फळात नसो कधी, नको कर्म-फळी हेतु अकर्मी वासना नको', चारही चरण जिथल्या तिथे. जर अनुवादाने शेवटचा चरण गाळला असेल किंवा 'थोडक्यात निष्काम कर्म कर' असं गुंडाळलं असेल, तर तो माणूस बाकीच्या ६९९ श्लोकांतही असंच गुंडाळत असणार.

दुसरा श्लोक अवघड आहे, ९.३२. माझा आश्रय केला की पापयोनी, स्त्रिया, वैश्य, शूद्र हेही परम गतीला जातात, असा. आजच्या माणसाला, आणि बाई म्हणून मला आणि तुम्हाला, तो वाचताना बोचतो, आणि तिथेच अनुवादकाचा प्रामाणिकपणा कळतो. काही जण 'पापयोनी' शब्दच सोडून देतात आणि 'सर्व भक्त' असं लिहून मोकळे होतात, का तर वाचणाऱ्याला बरं वाटावं. दुसऱ्या टोकाला काही जण त्याला स्वतःच्या तिखट शब्दांची फोडणी देतात जी मुळात नाही. आता हा शब्द पुढच्या तिघांना लागतो की वेगळाच चौथा गट आहे ह्यावर खुद्द जुन्या लोकांत मतभेद आहेत. शंकराचार्य म्हणतात पापयोनी कोण, तर हेच, स्त्रिया, वैश्य, शूद्र. ज्ञानेश्वर महाराजांची ओवी मात्र अशी आहे, 'यालागीं पापयोनीही अर्जुना, कां वैश्य शूद्र अंगना, मातें भजतां सदना, माझिया येती', आणि त्यातलं 'कां' म्हणजे 'किंवा', म्हणजे त्यांनी ते वेगळे धरलेत आणि सगळ्यांनाच घरात घेतलंय. चांगला अनुवादक काय करेल, तर श्लोकात जे आहे ते तसंच लिहील, आणि खाली टीपेत सांगेल की ह्यावर असे असे दोन पक्ष आहेत आणि मी हा घेतला. आपल्याला न आवडणारं वाक्य ज्याने न लपवता आपल्या हातात दिलं त्याच्यावर मी बाकीच्या ठिकाणी जास्त विश्वास ठेवते.

बाबांच्या ज्ञानेश्वरीबद्दल. तुम्हाला निम्मं कळत नाही ह्यात तुमचं काहीच कमी नाही, ती भाषा शके १२१२ ची, म्हणजे १२९० सालची आहे. आणि दुसरं म्हणजे ती गीतेचा अनुवाद नाही, टीका आहे, म्हणजे श्लोकांचं सविस्तर स्पष्टीकरण. ७०० श्लोकांवर नऊ हजारांच्या आसपास ओव्या. श्लोकाचा अर्थ बघायला ज्ञानेश्वरी उघडली तर आपण हरवतो, कारण महाराज एका शब्दावर दृष्टांतामागून दृष्टांत देत जातात, तेराव्या अध्यायात एका 'अहिंसा' शब्दावर ते किती वेळ थांबलेत बघा. तिथे श्लोकाचा सरळ अर्थ आधी गीताईतून किंवा दुसऱ्या साध्या अनुवादातून घ्यायचा आणि मग ज्ञानेश्वरीकडे जायचं, मग ती उलगडते. बाबांची प्रत 'सार्थ' आहे का ते बघा, म्हणजे ओवीखाली आजच्या मराठीत अर्थ दिलाय का. नसेल तर सोनोपंत दांडेकरांची किंवा साखरे महाराजांची सार्थ ज्ञानेश्वरी घ्या, दोन्ही वारकरी परंपरेत मुरलेल्या लोकांनी केलेल्या आहेत. बाबांची प्रत पाठाला तीच ठेवा, अर्थाला ही.

दोन प्रतींत ओव्या थोड्या वेगळ्या दिसतील, संख्याही. ह्याला मोठा इतिहास आहे आणि तो मला फार भावतो. एकनाथ महाराजांच्या काळापर्यंत, म्हणजे लिहून झाल्यावर तीनेकशे वर्षांत, नकला करता करता ज्ञानेश्वरीत बरंच काही घुसलं होतं, तर त्यांनी शके १५०६ म्हणजे १५८४ मध्ये प्रती ताडून पाठ, म्हणजे मूळ मजकूर, शुद्ध केला. आणि शेवटी बजावून ठेवलं की ज्ञानेश्वरीत जो आपली मराठी ओवी घालेल त्याने अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे नारळाची करवंटी, ठेवली असं समजा. स्वतः एवढा मोठा कवी, पण दुसऱ्याच्या ग्रंथात स्वतःचं एक अक्षर मिसळायचं नाही, आणि स्वतःला लिहायचंय तर वेगळं लिहायचं! पुढे इतिहासाचार्य राजवाड्यांनी १९०९ मध्ये नाथांच्याही आधीची मानलेली एक पोथी छापली, तिचा पाठ आणखी वेगळा. म्हणजे भरवशाची प्रत कुठली हा तुमचा प्रश्न ह्या मातीत चारशे वर्षांपूर्वी नाथांनाही पडलेला होता, आणि त्यांनी त्याचं उत्तर प्रती शेजारी शेजारी ठेवून शोधलं.

(जाता जाता, एकनाथी भागवत कुणी सुचवलं तर ते जरूर वाचा पण ते भागवताच्या बारा स्कंधांपैकी फक्त अकराव्या स्कंधावर आहे. कृष्णाच्या बाललीला त्यात शोधू नका, त्या दहाव्यात.)

व्हॉट्सॲपबद्दल मी जरा कडक बोलणार आहे. अध्याय आणि श्लोकाचा नंबर नसेल तर ते गीतेतलं नाही असंच धरून चाला, कुणी नंबर दाखवला तर मग बघू. 'जे झालं ते चांगलं झालं, जे होतंय ते चांगलं होतंय, तुझं काय गेलं म्हणून रडतोस' हे गीतासार म्हणून घराघरांत भिंतीवर लागलंय, कॅलेंडरवर आहे, आणि सातशे श्लोकांत असा श्लोक एकही नाही. कुणीतरी स्वतःच्या समजुतीने काढलेलं सार आहे ते. एखाद्या दुःखी माणसाला त्याने धीर आला असेल तर मला त्याबद्दल वाईट काहीच बोलायचं नाही, पण ते भगवंताच्या तोंडी घालू नये एवढंच. त्याच तराजूत आपल्या संतांचं. 'आधी बीज एकले' हा अभंग तुकोबांचा म्हणून कितीतरी लोक डोळे मिटून म्हणतात, तो १९३६ च्या संत तुकाराम सिनेमासाठी शांताराम आठवल्यांनी लिहिलेला आहे, इतका हुबेहूब की लोक तो गाथेत शोधत बसले. आणि नामदेवांच्या गाथ्यात 'विष्णुदास नामा' अशी मुद्रा (शेवटी घातलेलं कवीचं नाव) असलेल्या दुसऱ्या कवीची पदं मिसळलेली आहेत, तुकोबांच्या गाथ्यात त्यांच्या भावाचे 'तुकयाबंधु' म्हणून अभंग आहेत. तुकोबांचं काही ताडून बघायचं असेल तर १९५० ची शासकीय गाथा आहे, तिला अभंगांची सूची आहे, पहिला शब्द शोधायचा की सापडतं, नाही सापडलं तर फॉरवर्ड करायचं नाही.

मात्र ह्याच्या उलट एक चूक आपण करतो. पुस्तकात आपल्या ओळखीचं काही सापडलं नाही की लगेच म्हणतो ह्याने गाळलं, ह्याचा काहीतरी डाव आहे. पुण्याच्या भांडारकर संस्थेने देशभरातून महाभारताची हस्तलिखितं जमवून १९१९ ते १९६६ एवढी वर्षं घालवून चिकित्सक आवृत्ती केली, म्हणजे सगळ्या प्रती ताडून जुन्यात जुना पाठ ठरवला, सुकथनकर आणि त्यांच्यानंतर बेलवलकर ह्यांच्यासारख्या माणसांनी आयुष्यं घातली त्यात. त्यात गणपतीने महाभारत लिहून घेतल्याची कथा मुख्य पाठात नाही, परिशिष्टात आहे, कारण सगळ्या जुन्या शाखांत ती मिळत नाही. तिथे कुणी काही लपवलेलं नाही, जे नंतरचं वाटलं ते वेगळं करून पण छापून ठेवलंय. म्हणून महाभारत किंवा रामायणाचा अनुवाद घेताना तो कुठल्या पाठावरून केलाय ते बघायचं, परंपरेने चालत आलेल्या छापील पोथीवरून की चिकित्सक आवृत्तीवरून (रामायणाची बडोद्याला झाली). पाठाला, पारायणाला आपली पोथीच असू द्या. अभ्यासाला चिकित्सक पाठावरचा अनुवाद जवळ असला तर बरं.

मुलाचं इंग्रजी. त्याला रागावू नका, तो वाचतोय ही केवढी गोष्ट आहे. गीतेचा पहिला इंग्रजी अनुवाद विल्किन्सचा १७८५ चा, आणि आपल्या काशिनाथ त्र्यंबक तेलंगांनी केलेला १८८२ चा, हे दोन्ही फुकट वाचायला मिळतात पण त्यांची भाषा जुनी आहे, त्याला कंटाळा येईल. महाभारत पूर्ण वाचायचं असेल तर बिबेक देबरॉय ह्यांचे दहा खंड आहेत, भांडारकर आवृत्तीवरून केलेले, आणि ते कशावरून केलेत हे त्यांनी सांगितलेलं आहे. गीतेसाठी त्याला आयआयटी कानपूरचं गीता सुपरसाइट दाखवा, तिथे एकेका श्लोकाखाली शंकर, रामानुज, मध्व, श्रीधर अशी भाष्यं आणि हिंदी-इंग्रजी अनुवाद एकत्र दिसतात. तुमचा ६६ वा श्लोक तिथेच दोघांनी मिळून उघडा, मी वर जे चार ओळींत लिहिलं ते तुम्हाला डोळ्यांनी दिसेल.

एआयचं मात्र त्याला स्पष्ट सांगा. ते फार सफाईने लिहितं आणि तीच भीती आहे, कारण नसलेला श्लोक, चुकीचा नंबर, एका आचार्याचं मत दुसऱ्याच्या नावावर, हे सगळं ते त्याच आत्मविश्वासाने देतं ज्याने बरोबर गोष्ट देतं. संधी सोडवून दे, ह्या शब्दाचा विभक्ती प्रत्यय कुठला, अशी मदत घ्यायला हरकत नाही, पण 'गीतेत असं म्हटलंय' असं त्याने म्हटलं की नंबर विचारायचा आणि पुस्तक उघडून मूळ बघायचं, बघितल्याशिवाय आजीला जाऊन सांगायचं नाही.

आणि सासूबाई. त्यांचा महाराजांवर भाव आहे, त्या भावाला धक्का लावायची काहीच गरज नाही, आणि खरं तर त्या अर्ध्या बरोबरच आहेत, कारण एका परंपरेत राहून, एका गुरूचं बोट धरून वाचण्यात जी खोली येते ती दहा पुस्तकं चाळून येत नाही. फक्त महाराजांचं पुस्तक बहुतेक निरूपण असणार, अनुवाद नाही. तर त्यांनाच विचारा की महाराज कुठल्या परंपरेतले, कुणाचं भाष्य मानायचे, आणि त्यांच्यासोबत बसून वाचा. शेजारी मूळ श्लोक असलेली एक गीता उघडी ठेवा आणि कुठे वेगळं दिसलं तर वाद न घालता पेन्सिलने खूण करा. 'बाकीचं वाचू नकोस' ह्याच्याशी मात्र मी सहमत नाही. आपल्या आचार्यांनी दुसऱ्यांची मतं वाचूनच, त्यांची नावं घेऊन, त्यांना उत्तरं दिलेली आहेत, ज्ञानेश्वर महाराज तर 'भाष्यकारांतें वाट पुसतु', म्हणजे आधीच्या भाष्यकारांना वाट विचारत, चाललो असं स्वतः म्हणतात.

संस्कृत येत नाही म्हणता, पण तुम्हाला वाटतं त्यापेक्षा जास्त मूळ तुमच्या तोंडात आहे. आरतीनंतर घालीन लोटांगण म्हणता ना? त्यातलं पहिलं कडवं मराठी, नामदेवांच्या नावावर असलेलं, आणि 'कायेन वाचा मनसेन्द्रियैर्वा' हा थेट भागवताच्या अकराव्या स्कंधातला श्लोक आहे, दुसऱ्या अध्यायातला ३६ वा, तर 'अच्युतं केशवं' हे शंकराचार्यांच्या नावावरच्या अच्युताष्टकातलं. लहानपणापासून म्हणत आलेलं हे एक कडवं घ्या, कायेन वाचा, आणि त्याचा अर्थ दोन पुस्तकांत शोधा, मग नाथांनी त्याच श्लोकावर एकनाथी भागवतात काय लिहिलंय ते वाचा. शब्द आधीच ओळखीचे असले की अनुवादकाने कुठे काय घातलं ते आपोआप दिसायला लागतं, त्याला व्याकरण लागत नाही.

आणि गीतेत अठराव्यापासून सुरुवात करू नका. बारावा घ्या, भक्तियोग, वीसच श्लोक आहेत, ज्ञानेश्वरीत त्यावर साधारण अडीचशे ओव्या. रोज एक श्लोक, आधी मूळ मोठ्याने, मग गीताई, मग तुमच्या दोन पुस्तकांपैकी ज्यात मूळ छापलंय ते, आणि शेवटी बाबांच्या पोथीत त्या श्लोकावरच्या ओव्या. महिनाभरात अध्याय होईल आणि दोन पुस्तकांपैकी कुठलं ठेवायचं ते तुमचं तुम्हालाच कळलेलं असेल. पत्रात त्या दोघांची नावं नव्हती, पुन्हा लिहाल तेव्हा नावं, अनुवादकाचं नाव आणि आवृत्तीचं साल कळवा, आणि ९.३२ चा अर्थ दोन्हींतून जसाच्या तसा उतरवून पाठवा, म्हणजे त्यावर नेमकं बोलता येईल.